भूत कोण, अपराधी कोण?

सन १९५७ मध्ये सिंगापूरच्या कॅथे-केरिस चित्रसंस्थेने ‘पोंतियानाक’ हा मलय बोलपट काढला. दिग्दर्शक बी. एन. राव मूळचे भारतीय. नायिका मारिया मेनाडो. बाळंतपणात दगावलेली स्त्री पोंतियानाक होऊन माणसांचे रक्त पिते, अशी मलय लोकांची समजूत. आपल्या कोकणात व गोव्यात अलवंतिणीविषयी असेच बोलले जाते. बोलपटाने मात्र कथा निराळी रचली. चोमेल ही कुबडी, कुरूप मुलगी मंत्रबळाने सुंदर होते. अट एकच, रक्ताची चव घ्यावयाची नाही. पुढे तिचा विवाह होतो. एके दिवशी पतीस सर्पदंश होतो आणि तो विष चोखून काढण्याची विनवणी करतो. ती तसे करते. रक्त जिभेस लागते आणि ती पिशाच होते.

हिचा अपराध कोणता? न्यायासनापुढे कृत्याबरोबर हेतूही पाहावा लागतो. महाभारताच्या कर्णपर्वातील कौशिकाने सत्यव्रत पाळण्यासाठी दरोडेखोरांस पळणाऱ्यांची वाट दाखविली आणि तो नरकास गेला. व्रत पाळून कौशिक पतित, दयेपोटी अट मोडून चोमेलही पतित; हे दोन्ही निवाडे एकत्र नांदू शकत नाहीत. कोणी म्हणेल, अग्नी हेतू विचारीत नाही. खरे आहे, पण पोळलेल्यास आपण अपराधी म्हणत नाही, त्याच्या जखमेवर लेप लावतो.

मारिया मेनाडो यांचे श्रेय येथेच आहे. सौंदर्याबद्दल नावाजलेल्या या अभिनेत्रीने कुबडी, पत्नी व पिशाच ही तिन्ही रूपे स्वतः वठविली. त्यामुळे पिशाच पाहतानाही प्रेक्षकास पत्नीचा विसर पडू नये. बोलपट अफाट चालला. त्याच वर्षी दुसरा व १९५८ साली तिसरा भाग निघाला. १९६३ मध्ये पाहांगच्या सुलतानांशी विवाह झाल्यावर त्यांनी चित्रसृष्टी सोडली. पहिल्या बोलपटाची प्रत आज उपलब्ध नाही. प्रश्न मात्र शिल्लक आहे.

अलवंतिणीस बांधून ठेवण्याचे उपाय आपण पिढ्यान् पिढ्या शोधले. तिला वेळेवर सुईण, औषध, विसावा का मिळाला नाही, हे क्वचितच विचारले. ज्याचे देणे बुडविले, त्याची पावले रात्री दाराशी ऐकू येतात. आमच्या मते भुताची भीती ही पुष्कळदा ऋणकोची भीती असते. आणि ऋण मंत्राने फिटत नाही, ते फेडावेच लागते.