कात्री आणि गवाही

'शोले' लहानपणापासून कितीदा पाहिला याची गणती नाही. संकलक एम. एस. शिंदे यांचे नाव मात्र मी फार उशिरा वाचले. 'सीता और गीता' (१९७२), 'शोले' (१९७५), 'शान' (१९८०), 'शक्ती' (१९८२) हे रमेश सिप्पींचे चित्रपट त्यांच्याच कात्रीखालून गेले. 'शोले'साठी तीन लाख फुटांच्या आसपास चित्रण झाले होते. पडद्यावर आले ते सुमारे अठरा हजार फूट. या चित्रपटाला त्या वर्षी फिल्मफेअरचे एकच पारितोषिक मिळाले, तेही संकलनाचे. शंभरातले चौऱ्याण्णव भाग गाळणे ही ज्याची कामगिरी, त्याने सत्य लपवले म्हणावे काय?

या एकाच चित्रपटात दोन प्रकारच्या काटछाटी आहेत. इमामसाहेबांच्या अहमदला गब्बरची माणसे पकडतात. गब्बर हातावरची मुंगी चिरडतो आणि पुढे घोडा अहमदचे प्रेत गावात आणतो. हत्या दाखवलेलीच नाही, तरी खुनी कोण याची शंका राहत नाही. दुसरी काटछाट शेवटाची. मूळ शेवटात ठाकूर गब्बरला ठार मारतो. आणीबाणीच्या काळात सेन्सॉरला ते मंजूर झाले नाही, म्हणून ऐनवेळी पोलीस येतात आणि गब्बरला ताब्यात घेतात. पहिल्या ठिकाणी रक्त गाळले, अर्थ राहिला. दुसऱ्या ठिकाणी अर्थच बदलला. मूळ शेवट मोठ्या पडद्यावर २०२५ साली इटलीत बोलोन्याच्या महोत्सवात लोकांसमोर आला. पन्नास वर्षे लागली.

आपल्या दीनमध्ये दुसऱ्याच्या ऐबावर पडदा टाकणे ही नेकी आहे आणि गवाही लपवणे हा गुनाह. दोन्हींत काहीतरी गाळावेच लागते. मग सीमारेषा कुठे?

मी उल्हासनगर कॅम्प १ मध्ये राहतो. लष्कराच्या जुन्या छावणीत निर्वासित सिंधी आले आणि १९४९ साली तिचे उल्हासनगर झाले. आमच्या गल्लीतले एक वृद्ध सिंधी दादा कराचीची गोष्ट सांगत. घर, गच्ची, समुद्र, आणि मग एकदम मुंबईची बोट. मधला भाग ते मी समोर असलो की गाळत. एकदा त्यांच्या नातवाने विचारले, "पण घर सोडलं कशाला?" दादांनी माझ्याकडे पाहिले आणि म्हणाले, "दिवस वाईट होते." ती पर्दापोशी होती. माझी लाज त्यांनी झाकली.

पुढे वर्गात एका मुलाने तोच प्रश्न विचारला. मीही म्हणालो, "दिवस वाईट होते." शब्द तेच, पण घरी येताना मन खात राहिले. दादांनी स्वतःचे दुःख गाळले होते. तो त्यांचा हक्क होता. मी दुसऱ्याचे दुःख गाळले, आणि तेही माझ्या सोयीसाठी.

दुसऱ्या दिवशी मी मुलांना ६ जानेवारी १९४८ ची कराची सांगितली. हिंदू-शिखांची घरे लुटली गेली, माणसे मारली गेली, आणि हे करणाऱ्यांची नावे आपल्यासारखीच होती, हेही सांगितले. इकडून उजडून तिकडे गेलेले लोकही सांगितले, पण हिशेब फेडण्यासाठी नव्हे. प्रेतांची वर्णने केली नाहीत; मुले बारा वर्षांची आहेत. वर्ग बराच वेळ गप्प होता.

कात्री चालवावीच लागते. पण ती कुणाला वाचवण्यासाठी चालते, हे चालवणाऱ्याला ठाऊक असते. हिशेबाच्या दिवशी त्याला तेवढेच विचारले जाईल, असे मला वाटते.