दुःखाची सावकारी

गेल्या मोसमातली गोष्ट. कागलच्या शिवारात ऊसतोड चालू होती. सकाळी फिरायला निघालो असता फडाच्या कडेला एक बाई दिसली. डोक्यावर उसाची मोळी, भोवती विरळ धुके, मागून धावणारे चिमुरडे पोर. खिशातून मोबाइल केव्हा काढला आणि चित्र केव्हा टिपले, हे माझे मलाच कळले नाही. तिला मात्र कळले.

"दादा, फोटू काढला, पन आमाला कधी दावनार?"

मी ओशाळून हसलो. ते चित्र ज्यांना दाखवायचे, अशी बरीच माणसे माझ्या मनात होती. त्यांत ती नव्हती.

१९२५ मध्ये आमच्या कोल्हापुरात बाबूराव पेंटरांनी 'सावकारी पाश' हा मूकपट काढला. जमीन गमावलेला शेतकरी त्यात शहरात मजूर होतो. त्या दिवशी मला वाटले, दुःखाचीही सावकारी असते. मुद्दल दुसऱ्याचे आणि वाहवा, पारितोषिके, हळहळल्याचे समाधान हे व्याज आपले!

मग दुसऱ्याचे दुःख चितारूच नये काय? असे म्हणणे सोपे आहे, सोयीचेही आहे. कागलच्या आनंद यादवांनी 'झोंबी'त आपली कथा आपणच सांगितली. पण लेखणी हाती येण्यापूर्वीच ज्यांचा जन्म सरतो, त्यांची कथा कुणी सांगायची?

अशा वेळी आनंद पटवर्धनांचे माहितीपट आठवतात. १९८५ च्या 'हमारा शहर'मध्ये मुंबईतल्या झोपड्या उठवल्या जातात. त्यातली एक बाई चित्रपट काढणाऱ्यांनाच धारेवर धरते. गरिबांची चित्रे काढून नाव तुमचे होणार, आमच्या पदरात काय पडणार, असा तिचा रोख आहे. तो भाग कापणे किती सोपे होते! पटवर्धनांनी तो राहू दिला.

शाहीर विलास घोगरे याच चित्रपटात गातात. ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई नगरात, डॉ. आंबेडकरांच्या पुतळ्याच्या विटंबनेनंतर जमलेल्या लोकांवर पोलिसांनी गोळीबार केला. दहा माणसे मेली. त्यानंतर काही दिवसांतच घोगऱ्यांनी आपले जीवन संपवले. पटवर्धन कॅमेरा घेऊन पुन्हा त्या माणसांत गेले. 'जय भीम कॉम्रेड' पुरा व्हायला चौदा वर्षे लागली आणि तो वस्त्यावस्त्यांतून, ज्यांचा होता त्यांना दाखवला गेला.

चित्रपटाने मेलेला शाहीर परत येत नाही, हे खरे. पण एखाद्याचे दुःख घेऊन गेलेला माणूस परत त्याच्या दारी आला, तर निदान ते देणे त्याला मान्य आहे, एवढे तरी कळते. घेऊन जाणारे पुष्कळ, परतणारे थोडे.

आठवड्याने मी त्या चित्राची प्रत काढून फडावर गेलो. शेत मोकळे झाले होते. टोळी कुठल्या गावी हलली, कुणास ठाऊक! दिवाळी सरली की टोळ्या पुन्हा येतील. प्रत घेऊन मी जाईन. पण मुकादमाला काय विचारू? तिचे नाव विचारण्याचे मला त्या दिवशी सुचलेच नव्हते.