चमचाभर दुधाचा हिशेब

बँकेत वीस वर्षं कारकुनी केलेल्या माणसाची एका गोष्टीवर गाढ श्रद्धा असते : जमा आणि नावे जुळलेच पाहिजेत. नाहीच जुळले, तर फरक सस्पेन्स खात्यात टाकायचा आणि घरची वाट धरायची. माझं बालपण मात्र सबंधच सस्पेन्समध्ये पडून आहे.

२१ सप्टेंबर १९९५, गुरुवार. देशभरचे गणपती त्या दिवशी दूध प्यायले. मी अकरा वर्षांचा, मुक्काम बिद्री. साखर कारखान्याचं गळीत सुरू व्हायला अवकाश होता, चिमणी गप्प होती. गावाला विषय हवाच होता. दुपारच्या एस.टी.तून बातमी उतरली आणि संध्याकाळी चहाला दूध मिळेना.

आमच्या देव्हाऱ्यातला पितळी गणपती अंगठ्याएवढा. आजीनं माझ्या हाती वाटी-चमचा दिला आणि ती तुळशीपुढं दिवा लावायला गेली. मी चमचा सोंडेला टेकवला. अर्धा चमचा त्यानं घेतला, उरलेली वाटी मी. आजी परतली.

"पिला काय रं?"

"पिला की!"

तिनं माझ्या ओठावरच्या पांढऱ्या मिशीकडं पाहिलं, पदरानं ती पुसली आणि देवाला हात जोडले. त्याच क्षणी गणपतीनं मला डोळा मारला. आजही स्वच्छ दिसतं!

शास्त्रज्ञांनी दिल्लीत दुधात रंग मिसळून पाहिला. पृष्ठताणामुळं दूध चमच्यातून वर ओढलं जातं आणि मूर्तीच्या अंगावरून ओघळतं, असा निकाल लागला. अर्ध्या चमच्याचा हिशेब मिटला. डोळा मारणं मी स्वतःच्या अधिकारात खर्ची टाकलं.

परवा आईला हे सगळं सांगितलं, तर ती म्हणाली, "अरे, तुझी आजी तेव्हा महिनाभर गारगोटीला होती, आत्याकडं!"

आता आली का पंचाईत? मग तो पदर कुणाचा? काउंटरवर कुणी चुकून शंभराची नोट जास्त दिली, तर मी त्याला जिन्यावरून हाका मारून परत बोलावतो. प्रामाणिक म्हणून नव्हे हो. ओठावर तो पदर फिरल्यासारखा वाटतो म्हणून. जे घडलंच नाही, त्याची लाज इतकी खरी कशी? आणि ही आठवण सांगणारा मी खोटारडा ठरतो का?

वाणिज्य शाखेत याचं उत्तर शिकवत नाहीत. मला एवढंच कळतं, की नोंद खोटी निघाली तरी शिल्लक खरी आहे, आणि तीस वर्षं मी त्याच शिलकीवर चाललोय. म्हणून आजीची नोंद मी खोडलेली नाही.

वाटीभर दूध कोण प्यायलं, हे मात्र आईला अजून सांगितलेलं नाही.