ओवाळणी आणि वाटा

भाऊबीजेच्या तबकात भाऊ जे घालतो ती ओवाळणी. ती किती घालावी हे त्याचा खिसा आणि त्याची माया ठरवते. बहिणीने त्याचा हिशेब मागायचा नसतो. वाटा मात्र मागता येतो, मोजून घेता येतो आणि नाकारला गेल्यास त्यासाठी भांडताही येते. आपल्याकडे बाईमाणसाच्या पदरात जे पडले ते बहुधा ओवाळणी म्हणून पडले, वाटा म्हणून क्वचितच. सरकारी नोकराच्या पश्चात त्याच्या विधवेला मिळणारे कुटुंब-निवृत्तिवेतन या दोहोंपैकी कशात मोडते? प्रश्न कारकुनी दिसतो खरा. पण तो नीतीचा आहे, आणि कोर्टाच्या पायऱ्या झिजवणाऱ्या बायकांनीच तो आपल्यापुढे आणून ठेवला आहे.

प्रथम दयेचा विचार करू. निवृत्तिवेतन म्हणजे सरकारची मेहेरबानी, ही समजूत फार जुनी. सर्वोच्च न्यायालयाने १९७१ मध्ये ती मोडून काढली, आणि १७ डिसेंबर १९८२ रोजी नाकारा खटल्यात सरन्यायाधीश यशवंतराव चंद्रचूड यांच्यासह पाच न्यायमूर्तींनी तीवर शेवटची माती टाकली. निवृत्तिवेतन ही केलेल्या सेवेची कमाई आहे, कृपा नव्हे. पण हे झाले नोकराचे. त्याच्या विधवेचे काय? केंद्र सरकारची कुटुंब-निवृत्तिवेतन योजना १ जानेवारी १९६४ पासून सुरू झाली. तिच्यासाठी नोकराला आपल्या ग्रॅच्युइटीतील काही रक्कम सोडावी लागे. ही अट २२ सप्टेंबर १९७७ रोजी गेली. तरी जुन्या नोकरांच्या विधवा बाहेरच राहिल्या. नवऱ्याच्या निवृत्तीची तारीख जरा अलीकडची असती तर चूल पेटली असती, असा तो प्रकार. १९८५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्यांनाही आत घेतले. तेव्हा ही ओवाळणी नव्हे, एवढे ठरले.

मग हा वारसा आहे काय? नवऱ्याचे घर, शेत, दागिने यांसारखेच? तसे असते तर मृत्युपत्र करून ते दुसऱ्या कोणाला देता आले असते. एका रेल्वे कर्मचाऱ्याच्या भावाने मृत्युपत्र पुढे करून तसा दावा केलाही होता. १९९१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, कुटुंब-निवृत्तिवेतन ही मृताची मिळकतच नव्हे. जे त्याचे नाही ते त्याने कोणाला लिहून देणार कसे? मला हा निकाल फार मोलाचा वाटतो. नवऱ्याच्या नावाने चाललेली एक तरी गोष्ट अशी निघाली, जी बायकोला नवऱ्याकडून मिळत नाही. नियमाने सरळ तिच्या हाती येते.

येथवर वाट सरळ आहे. पुढे काटे आहेत. पहिली बायको गावी टाकून दिलेली, आणि नोकरीच्या गावी दुसरीबरोबर तीस वर्षे संसार केलेला, अशी माणसे आपल्या ओळखीपाळखीत नाहीत असे कोण म्हणेल? माणूस मरतो आणि दोघीजणी एकाच खिडकीपुढे उभ्या राहतात. मुंबई इलाख्यात हिंदूंच्या द्विभार्या विवाहाला १९४६ मध्येच बंदी झाली. १९५५ च्या हिंदू विवाह कायद्याने असा विवाह देशभर रद्दबातल ठरवला. व्यक्तिगत कायद्याने दोन्ही विवाह वैध असतील तेथे विधवांना समान वाटे आहेत. एरवी दुसरीला काही नाही. मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठानेही २०१९ मध्ये हेच सांगितले.

वाचक म्हणतील, हा न्याय कसला? आजारपणात उशाशी बसली ती एक, आणि पैसे घेऊन गेली दुसरी! हा आक्षेप हलका नाही. पण जरा थांबून पाहावे. नवरा मृत्युपत्राने पत्नीचा हक्क हिरावू शकत नाही, हे आपण आताच मान्य केले. मग जे त्याला कागदाने करता येत नाही, ते घर बदलून करता यावे काय? तसे झाले तर ज्याने टाकले त्याच्या टाकण्यालाच कायद्याची मोहोर लागेल. म्हणून नियम पहिलीच्या बाजूने उभा राहतो, ते मला योग्य वाटते. दुसरीवर अन्याय होतो हे खरेच. पण तो करणारा सरणावर गेलेला आहे, आणि त्याचे देणे पहिलीच्या ताटातून फेडणे हा न्याय नव्हे. मुलांचा मात्र यात काही अपराध नाही. २००० सालच्या एका निकालात दुसरीच्या मुलांना ती सज्ञान होईपर्यंत वाटा मिळाला, तो याच विचाराने.

राहता राहिला पुनर्विवाह. १८५६ च्या कायद्याने विधवेला पुन्हा लग्न करण्याची मोकळीक दिली. पण तसे केल्यास पहिल्या नवऱ्याच्या मिळकतीपुरती ती जणू मेली असे समजावे, असेही त्याच कायद्यात होते. हा विचार अजून पुरता गेलेला नाही. केंद्राच्या नियमांप्रमाणे निपुत्रिक विधवेला पुनर्विवाहानंतरही निवृत्तिवेतन मिळते, तिचे स्वतःचे उत्पन्न ठराविक मर्यादेच्या आत असेल तर. ही सवलतसुद्धा २००६ पासूनची. मुले असतील तर तिचा हक्क संपून तो मुलांकडे जातो. मुलांना मिळावे यात वाईट काही नाही. पण सरकार येथे दोन मापे वापरते. पहिलीच्या वेळी गरज न पाहता नाते पाहिले. इथे नाते सरले म्हणते आणि गरज मोजते. आपण ज्याला वाटा म्हटले तो झालेल्या संसाराचा असतो. पुढच्या लग्नाने मागची वर्षे खोटी ठरत नाहीत. म्हणून हा नियम आणखी सैल व्हावा, असे माझे मत आहे.

दिवाळीच्या मागेपुढे, नोव्हेंबरात, निवृत्तिवेतनधारकांना हयातीचा दाखला द्यावा लागतो. अनेक वृद्ध विधवा तो घेऊन बँकेत रांगेला उभ्या असतात. त्यांना सोबत म्हणून जाणाऱ्या मुलाने वा नातवाने एवढे ध्यानात धरावे, की आजी तेथे काही मागायला आलेली नाही. ती आपले आहे ते घ्यायला आली आहे.