कापसाच्या पट्टीवरचा चेहरा

बसा. पाठ टेकवा. खांदे सैल सोडा.

अकोल्याकडची उतरती दुपार डोळ्यांपुढे आणा. जिनिंगच्या आवारात कापसाच्या गंज्या लागल्यात. हवेत बारीक तंतू तरंगतात. त्यातला एक नजरेने धरा. तो खाली येतो, आणि पुन्हा वर जातो.

श्वास आत. श्वास बाहेर.

आता मनातच एक बोंड हातात घ्या. कापूस हळूच ओढा. आत सरकी लागते, टणक. कापूस तिला सहजी सोडत नाही.

थांबा थोडं.

अशा कापसापासून एके काळी सिनेमाची पट्टी बनत असे. कापसावर नायट्रिक आम्लाची प्रक्रिया करायची, त्यात कापूर मिसळायचा. कापूस आणि कापूर. देवघरातल्याच दोन वस्तू. पण आम्लाच्या त्या प्रक्रियेमुळे ती पट्टी चटकन पेटायची. पुण्यात २००३ च्या जानेवारीत अशा जुन्या पट्ट्यांच्या साठ्याला आग लागली आणि कितीतरी चित्रपट गेले.

जे उरलं, त्यातली एक पट्टी उजेडासमोर धरा.

३५ मिलिमीटर रुंद. कडांना भोकं, दर चौकटीला दोन्ही बाजूंनी चार-चार. मधल्या चौकटीत एक बाई.

बघा तिच्याकडे.

ही शांता हुबळीकर. जन्म १९१४ चा, हुबळीजवळच्या अदरगुंचीचा. घरची भाषा कन्नड. १९३९ मध्ये प्रभात फिल्म कंपनीच्या ‘माणूस’ चित्रपटात ती मैना झाली. मैना वेश्या आहे. गणपत हवालदाराचा तिच्यावर जीव जडतो. गणपत म्हणजे शाहू मोडक, दिग्दर्शक व्ही. शांताराम.

नावं आता बाजूला ठेवा. चेहरा राहू द्या.

पडद्यावर ही चौकट सेकंदाचा चोविसावा भाग टिकते. मग झडप मिटते, अंधार होतो, पुढची चौकट येते. पट्टीवरचा सिनेमा बघणारा माणूस जवळजवळ अर्धा वेळ अंधारातच असतो, आणि त्याला ते कळत नाही.

तुम्ही मात्र या एका चौकटीपाशी राहा. तिला सरकू देऊ नका.

श्वास आत. श्वास बाहेर.

अशा पट्ट्यांचा प्रवास मोठा असे. सिनेमाच्या धंद्यात त्या काळी मध्य प्रांत-वऱ्हाडची वितरणाची ठाणी म्हणजे भुसावळ आणि अमरावती. रिळं पत्र्याच्या पेट्यांतून रेल्वेने फिरायची. एका रिळात हजारेक फूट पट्टी, दहा-अकरा मिनिटांचं चित्र. अमरावतीजवळच्या बडनेऱ्याच्या फलाटावर उतरलेली एक पेटी मनात आणा. झाकणावर हात ठेवा. पत्रा उन्हाने तापलाय. आत गुंडाळून ठेवलेले हजारो चेहरे, सगळे तिचेच, प्रत्येक आधीच्याहून केसभर वेगळा.

हात तिथेच राहू द्या.

‘माणूस’च्या कथेच्या शेवटी मैना तुरुंगात आहे, मामाच्या खुनासाठी. गणपत तिला सोडवायला येतो. ती नाही म्हणते.

त्या ‘नाही’पाशी थांबा. ते का, हे आत्ता विचारू नका. फक्त तिच्यासमोर उभे राहा.

मला वाटतं, त्या एका नकारासाठी तरी ही नटी आपल्या बोलण्यात अधिक असायला हवी होती. त्याआधी ‘माझा मुलगा’, नंतर मोजके चित्रपट, आणि मग पडद्यापासून दूर गेलेली लांबच लांब वर्षं. १९९० मध्ये तिचं आत्मचरित्र आलं. त्याला नाव दिलं मैनेच्याच गाण्याचं, ‘कशाला उद्याची बात’. १९९२ मध्ये ती गेली.

आता डोळे मिटा. कान उघडे ठेवा.

तिचा आवाजही याच पट्टीवर आहे. चौकटींच्या कडेला, काळ्या-पांढऱ्या बारीक रेघेत. उजेड त्या रेघेतून जातो आणि गळा होतो.

रात्री मैनेचं ते गाणं लावा. पहिल्यांदा शब्द सोडून द्या, ओळींच्या मध्ये ती श्वास कुठे घेते तेवढं ऐका. दुसऱ्यांदा शब्द ऐका. आणि संपलं की लगेच पुढचं गाणं लावू नका.