आजींना आधी विचारा

वाशीम जिल्ह्यात कारंजा हे नृसिंह सरस्वतींचं जन्मस्थान, पोहरादेवी ही बंजारा समाजाची काशी, शिरपूरला अंतरिक्ष पार्श्वनाथ. इथली आजी वृद्धाश्रमात गेली, म्हणून तिचा नेम सुटत नाही. सूर्यास्तानंतर पाणीही न घेणाऱ्या जैन आजीला रात्रीची गोळी कशी द्यायची, हा प्रश्न सिस्टरपुढे येतो. डॉक्टरांना विचारून कित्येकदा वेळ बदलता येते. पण आजीच्या मनातलं आधी कळायला हवं.

हे ओळखणाऱ्या सिसिली सॉन्डर्स मुळात परिचारिकाच. १९६७ साली लंडनमध्ये त्यांनी हॉस्पिस (अखेरच्या आजारातल्या रुग्णांचं सेवाकेंद्र) सुरू केलं, तेव्हा शरीराबरोबर मनाचं, नात्यांचं, श्रद्धेचं दुखणंही उपचारात धरलं. वृद्धाश्रमाच्या नोंदवहीत साखर, रक्तदाब असावाच. गुरुवारचा उपास, बंजारा आजोबांची अरदास, हेही तिथं लिहावं, असं मला मनापासून वाटतं.