थोडं मागे सरूया



लोणावळ्याच्या वर, तुंगार्लीच्या धरणापाशी पहाटे उभं राहिलं की पायाखाली काळा कातळ लागतो. हा कातळ कधीकाळी उकळता लाव्हा होता. तो थंडावला, त्याचा सह्याद्री घडला. ते पाहायला माणूस नव्हता. आपल्यावाचून काही अडलं नव्हतं.

या कातळात लोह आहे. आपल्या रक्तातही लोह आहे. दोन्ही ताऱ्यांच्या पोटात तयार झालं. म्हणजे हा डोंगर आपला थोरला भाऊबंदच. थोरल्यांसमोर कसं वागायचं, हे घरात आपल्याला शिकवलेलं असतं. थोडं मागे सरायचं.

याच डोंगरांतून वाट राजमाचीला जाते. पावसाच्या तोंडावर तिथल्या रानात काजवे चमकतात. त्या लुकलुकीतून ते जोडीदाराला साद घालतात. आपण हौसेनं बघायला जातो. गाडीचे दिवे लावतो, मोबाइलची बॅटरी लावतो. त्या झगमगाटात साद हरवते. काजव्यानं तक्रार कुणाकडे करायची?

तिथे दिवा विझवणं, म्हणजेच थोडं मागे सरणं.

पृथ्वीवर प्रेम आहे, असं म्हणणं सोपं असतं. प्रेमाची परीक्षा जागा देण्यात होते. ओढ्याला त्याचं पात्र द्यावं. रात्रीला तिचा काळोख द्यावा. यात आपलं काही कमी होत नाही.

मित्रहो, आज अशी एक तरी जागा शोधूया, जिथे आपली गरज नाही, नुसती सवय आहे. तिथून थोडं मागे सरूया.